वाचक विचारतात : तांब्याची गॅसलाइन

सिलिंडर परसात ठेवून ओट्यापर्यंत सुमारे ६ मीटर लाइन न्यायची आहे. फ्रीज दुरुस्त करणारा कारागीर पाव इंची तांब्याची कॉइल वापरतो, सांध्याला डाख देतो आणि सगळं गिलाव्याखाली लपवून देतो म्हणतो. चालेल का?
– वाचक, शहापूर, बेळगाव

तांबं चालेल, बाकीच्या तिन्ही गोष्टी नकोत.

आधी पाइपचं माप. घरगुती रेग्युलेटरमधून गॅस येतो तो जेमतेम ३० सेंटिमीटर पाण्याच्या दाबाने. आतला व्यास निम्मा केला तर अडथळा १६ पट होतो. एवढ्या लांबीला बाहेरून १२ मिमी, जाडी १ मिमी असा पाइप घ्या. दोन बर्नरच्या शेगडीला तो भरपूर होतो.

मग डाख. शिसं-कथलाचा डाख १८३ अंशांच्या आसपास वितळायला लागतो. ओट्यावर कढईतल्या तेलाने पेट घेतला तर सांधा गळून पडेल आणि त्याच आगीला गॅस मिळत राहील. सांधे ब्रेझिंगचेच हवेत, म्हणजे पाइप लाल तापवून त्यावर धातूची सळी वितळवून जोडलेले. ती सळी ६०० अंशांच्या वर वितळते. तांब्याला तांबं जोडताना फॉस्फरस-तांब्याच्या सळीला फ्लक्स (धातूवरची पुटं काढणारा लेप) लागत नाही. तांब्याला पितळ जोडायचं तर चांदीची सळी आणि फ्लक्स, आणि नंतर तो फ्लक्स गरम पाण्याने धुऊन काढायचा. लोखंडी तुकड्याला फॉस्फरसची सळी लावू देऊ नका, सांधा ठिसूळ होतो. उद्यमबाग औद्योगिक वसाहतीत हे काम येणारे कारागीर भरपूर आहेत. पाइप हॅक्सॉने नको, पाइप-कटरने कापायला सांगा, आणि आतल्या कडेची बर (कापताना उठलेली धार) काढून घ्या. राहिलेला कीस पुढे शेगडीच्या जेटमध्येच, म्हणजे गॅस सुटतो त्या बारीक भोकात, जाऊन बसतो.

लाइन भिंतीवर उघडी असू द्या, दर मीटरला रबर लावलेला क्लॅम्प. भिंतीतून आरपार जाते तिथे पीव्हीसीची बाही घाला आणि त्या बाहीत सांधा ठेवू नका. बाहीचं आतलं तोंड सिलिकॉनने बंद, बाहेरचं उघडं, म्हणजे गळलेला गॅस परसात जाईल, स्वयंपाकघरात नाही. सिलिंडरजवळ एक बॉल व्हॉल्व्ह आणि ओट्याच्या बाजूला, हात सहज पोचेल असा दुसरा. शेगडीच्या मागे बसवलेला व्हॉल्व्ह ऐन वेळी कामाचा नसतो. रेग्युलेटर ते पाइप आणि पाइप ते शेगडी असे दोन्ही तुकडे सुरक्षा होजचेच, दीड मीटरच्या आत, आणि पाच वर्षांनी बदलायचे. एक राहिलंच. हा गॅस हवेपेक्षा जड असतो, म्हणून सिलिंडर मोरीच्या किंवा गटाराच्या तोंडाशी ठेवू नका.

लाइन गोठ्याच्या भिंतीवरून गेली आहे. दोन पावसाळ्यांत पितळी नटाला केसाएवढा तडा गेला, वास येतो. नट हलका निघाला का?
– वाचक, खानापूर तालुका

आधी रेग्युलेटर बंद करा, दारं-खिडक्या उघडा, विजेच्या बटणाला हात लावू नका आणि १९०६ या गॅसगळतीच्या मदत क्रमांकावर कळवा.

दोष बहुधा नटाचा नाही, गोठ्याचा आहे. गोमूत्रातून अमोनिया सुटतो. ओल, अमोनिया आणि आवळल्याने आलेला ताण हे तिन्ही एकत्र आले की पितळ न झिजता, न वाकता सरळ तडकतं. हा रोग पहिल्यांदा लक्षात आला तोही आपल्याच देशात : एकोणिसाव्या शतकात ब्रिटिश फौजेने पावसाळ्यात तबेल्यांत ठेवलेल्या काडतुसांच्या पितळी नळ्या अशाच तडकल्या होत्या. नवा नट त्याच जागी लावलात तर तोही जाईल. लाइन गोठ्यापासून दूर हलवा. तेवढी जागाच नसेल तर गोठ्यालगतचा भाग एकसंध पाइपचा करा, तिथे एकही पितळी जोड नको.

नट घट्ट करताना दोन पाने लावा, एकाने फिटिंगचा गाभा धरून ठेवायचा. फ्लेअरच्या (पाइपच्या फुलवलेल्या टोकाच्या) तोंडावर टेप गुंडाळू नका, तिथे धातूवर धातूच बसायला हवा. गळती बघायला साधं साबणाचं पाणी वापरून नंतर पुसून घ्या. काच पुसायच्या काही द्रावणांत अमोनिया असतो, ती नकोत. काडी पेटवून तर कधीच नाही!

गोबर गॅसला हीच लाइन जोडता येईल का?
– वाचक, चिकोडी

नाही. गोबर गॅसमध्ये हायड्रोजन सल्फाइड असतो. त्याने तांबं काळं पडतं, पापुद्रे सुटतात आणि जेट तुंबतो. सिलिंडरमधला गॅस याच कारणासाठी तांब्याच्या पट्टीवर तपासलेला असतो, गोबर गॅसला ती चाळणी नसते. त्याला वेगळी, रुंद एचडीपीई (जाड प्लास्टिकची) लाइन टाका, संयंत्राकडे उतार द्या आणि सखल जागी पाणी काढायची सोय ठेवा.

कारागीर म्हणतो ‘गळत नाही’. आपण खात्री कशी करावी?
– वाचक, टिळकवाडी

सिलिंडर जोडण्याआधी त्याच्याकडूनच हवेची चाचणी करून घ्या. शेगडीकडचं टोक बुचाने बंद करायचं, दोन्ही व्हॉल्व्ह उघडे ठेवायचे. दुसऱ्या टोकाला टी लावून एका फाट्याला पारदर्शक नळीचा यू, त्यात रंगवलेलं पाणी. दुसऱ्याला रक्तदाबाच्या यंत्राचा रबरी फुगा. यूच्या दोन बाजूंच्या पातळीत ४५ सेंटिमीटर फरक येईपर्यंत हवा भरा, फुग्याचा फाटा बंद करा, पाच मिनिटं थांबा, मग दहा मिनिटं पातळी बघा. ती हलता कामा नये. मात्र हे काम ऊन नसताना करा. पाइपमधली हवा एका अंशाने तापली वा निवली तरी पातळी सुमारे तीन सेंटिमीटर सरकते. उन्हात तापत असलेल्या पाइपात बारीक गळती लपून जाते, आणि सावली आली की धड लाइनही गळकी वाटते.