वाचकांचे प्रश्न : बांधकामाचा छेद हाताने काढताना

प्रश्न : मी बेळगावात सिव्हिल डिप्लोमा करतो. संगणकावर नकाशे काढता येतात. परंतु भिंत, जोते आणि छप्पर एकमेकांना कसे जोडले जातात, हे उमगत नाही. हाताने रेखाटून ते शिकता येईल का?
– एक वाचक, खानापूर

उत्तर : अवश्य येईल. पायापासून कौलांच्या रिपांपर्यंत भिंतीचा एकच उभा छेद, म्हणजे भिंत उभी कापल्यास आत जे दिसेल त्याचे चित्र, १:२० या प्रमाणात काढावा, म्हणजे २०० मिमी जाडीची भिंत कागदावर १० मिमी भरेल. मग इंग्लिश बाँड या विटा रचण्याच्या पद्धतीचे दोन थर विटेविटेने रेखाटावेत. एका थरात विटेची लांब बाजू दिसते, दुसऱ्यात आखूड बाजू, म्हणजे तोंड. कोपऱ्यालगतचा क्वीन क्लोजर, म्हणजे लांबीच्या दिशेने अर्धी कापलेली वीट, गाळून पाहिल्यास वरखालचे उभे सांधे एका रेषेत येतात आणि तो तुकडा कशासाठी असतो हे आपोआप कळते. (संगणक हीच वीट क्षणात शंभर वेळा उमटवून देतो, आणि विचार तिथेच थांबतो.) खानापूरच्या पावसामुळे जोत्यावरचा ओलरोधक थर आणि छज्ज्याच्या खालच्या कडेची, पाणी भिंतीकडे परतू न देणारी खाच हे तपशील मात्र १:५ या प्रमाणात वेगळे काढावेत. शक्य असल्यास आपल्या गल्लीत चालू असलेल्या बांधकामावर गवंड्याच्या परवानगीने टेप लावून मापे घ्यावीत.