चित्र काढणारा वेगळा, सेट उभा करणारा वेगळा

प्रश्न : ताई, भाचा बीएफए करतोय, त्याला सिनेमासाठी कन्सेप्ट आर्टिस्ट व्हायचंय. घरचे म्हणतात, ते तर प्रॉडक्शन डिझायनरचंच काम, त्यात वेगळं करिअर कसलं? खरंय का? – एक वाचक, सातारा

उत्तर : नाही हो, कामं शेजारशेजारची आहेत पण एक नाहीत. कन्सेप्ट आर्टिस्ट सिनेमातलं जग नि पात्रं कशी दिसतील ते आधी चित्रात रंगवून दाखवतो, प्रॉडक्शन डिझायनर ते प्रत्यक्ष सेटवर उभं करून घेतो. कन्सेप्ट आर्टिस्ट राल्फ मॅक्वॉरीचंच बघा ना, हा माणूस आधी बोइंगमध्ये टेक्निकल ड्रॉइंग करायचा, मग अमेरिकेतल्या सीबीएस न्यूज वाहिनीसाठी अपोलो मोहिमांची चित्रं, आणि १९७५ मध्ये दिग्दर्शक जॉर्ज लुकासनं त्याला ‘स्टार वॉर्स’ सिनेमाचे काही सीन रंगवायला दिले, कारण नुसत्या कागदावरून स्टुडिओवाल्यांच्या डोळ्यासमोर काही येईना. त्यातल्या खलनायकाचा, डार्थ व्हेडरचा मास्क मॅक्वॉरीच्याच डोक्यातला. स्क्रिप्टमध्ये व्हेडर एका यानातून दुसऱ्यात जातो, मग अवकाशात श्वास कसा घेणार बाबा? म्हणून मास्क, आणि तोच कायमचा चिकटला.

पण प्रत्यक्ष सेट उभे केले ते प्रॉडक्शन डिझायनर जॉन बॅरी आणि त्याच्या टीमनं, आर्ट डिरेक्शनचं, म्हणजे या सेटच्या कामाचं ऑस्करही त्यांनाच. तिथे बजेट, सुतार, रंगारी, कॅमेऱ्याची जागा, सगळी उस्तवार अंगावर येते, नुसता हात चांगला असून भागत नाही.

भाच्याचा या सेटच्या कामाकडे ओढा असेल तर डिग्रीनंतर पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये आर्ट डिरेक्शनचा कोर्स आहे. कन्सेप्ट आर्टच करायचं तर पोर्टफोलिओत (काम मागताना दाखवायच्या चित्रांच्या संग्रहात) नुसते ड्रॅगन नकोत (सगळ्यांचे असतात!), एखादा वाड्याचा चौक सकाळी, रात्री, पावसात असा रंगवायला सांगा.