सोळाव्या वर्षीचा अल्बम

प्रश्न : मुलीनं नेटफ्लिक्सवर एक जपानी मालिका लावली होती. त्यातलं ‘फर्स्ट लव्ह’ गाणं डोक्यातून जाईना. ते शाळकरी वयात रचलेलं, हे खरं का?

उत्तर : खरं आहे, ताई. जपानी पॉपस्टार उताडा हिकारू यांचा याच नावाचा अल्बम १० मार्च १९९९ ला आला, तेव्हा सोळावं सरून दोन महिनेही झाले नव्हते. गाणी स्वतःची. जपानात सत्तर लाखांवर प्रती खपल्या. तिथला तो विक्रम अजून कुणी मोडलेला नाही. (पहिला म्हणायचा तो जपानी भाषेतला, आधी ‘क्यूबिक यू’ हे टोपणनाव घेऊन एक इंग्रजी अल्बम झाला होता.) आई फुजी केइको एन्का गायच्या, म्हणजे जुन्या वळणाची, काळजाला पीळ पाडणारी गाणी. लेकीनं मात्र आर अँड बीचा, म्हणजे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या ‘ऱ्हिदम अँड ब्लूज’ संगीताचा ठेका धरला.

मला विचाराल तर आधी याच अल्बममधलं ‘ऑटोमॅटिक’ ऐका. पहिल्याच ओळीत फोनची सातवी घंटा वाजते. ‘बेरु’, म्हणजे आपली बेल. तो एवढासा शब्दही मधेच तोडलाय : ‘बे’वर थांबायचं, ‘रु’ पुढच्या ओळीत. आमच्या गाण्याच्या मास्तरांनी अशा तोडीला छडीच दिली असती! इथे तिच्यातच सगळी लय आहे.