मानशीजवळची मगर हलवावी का?

प्रश्न : आमचे खाजन शेत, म्हणजे खारे पाणी बांधाने अडवून केलेले शेत, कुंभारजुवे कालव्याला लागून आहे. यंदा मानशीजवळच्या (बांधातील पाणी आत-बाहेर सोडायच्या दाराजवळच्या) चिखलावर एक मोठी मगर रोज जबडा वासून उन्हात पडलेली असते. बायका तिसऱ्या (शिंपले) काढायला जायला घाबरतात. वनखात्याने तिला पकडून दूर सोडावे, असे गावात बहुतेकांचे मत आहे. मगरींच्या संवर्धनाचे काम करणारे याला विरोध का करतात?
– एक वाचक, फोंडा तालुका

उत्तर : जबडा वासणे हा हल्ल्याचा पवित्रा नव्हे, उन्हात डोके फार तापू नये म्हणून मगर तोंड उघडे ठेवते. आपली भीती मात्र खोटी नाही, आणि ती हसण्यावारी नेणाऱ्या कार्यकर्त्याला गावाने पुन्हा दारात उभे करू नये.

ही मगर मुळात गोड्या पाण्यातली, पण मांडवी व जुवारी यांना जोडणाऱ्या या कालव्यात ती भरतीच्या खाऱ्या पाण्यातही खारफुटीच्या आडोशाने राहते. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत ती असल्याने परवानगीवाचून तिला पकडता येत नाही. तथापि विरोधाचे खरे कारण कायदा नव्हे. ऑस्ट्रेलियात खाऱ्या पाण्यातील मगरींना उपग्रह-संकेतक लावून दूर सोडले असता त्या शेकडो किलोमीटर पोहून मूळ ठिकाणी परतल्या, हे २००७ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसून आले. न परतलीच, तरी रिकाम्या झालेल्या चांगल्या जागेवर दुसरी मगर येऊ शकते, आणि आपली मगर दुसऱ्या कुणाच्या तरी मानशीजवळ जाते.

म्हणून आम्ही आधी मगरी किती आहेत हे कळावे म्हणून रात्री विजेरीच्या झोतात चमकणारे त्यांचे डोळे मोजतो आणि मग मगर तिथेच का येते, ते शोधतो. पुलावरून कुणी कोंबडीची आतडी किंवा मासळीचा कचरा टाकत असेल, तर ते आधी बंद करा. माझ्या मते बाकी सारे उपाय त्यानंतरचे. पर्यटकांना मगर दाखवण्यासाठी होडीतून मांस फेकणे तर त्याहून वाईट, कारण त्यामुळे माणूस आणि अन्न यांची सांगड तिच्या डोक्यात बसते. तिसऱ्या काढायला भर उन्हात, ओहोटीला, चार-पाच जणींनी मिळून जावे. तिन्हीसांजेला खोल पाण्याच्या कडेला ओणवे होऊन बसू नये. श्रीलंकेत नदीच्या घाटाभोवती पाण्यात खुंट रोवून कुंपण करतात, तसे मानशीजवळही करता येईल.

मादी साधारण फेब्रुवारी ते एप्रिलमध्ये उंच, कोरड्या मातीत खड्डा करून पंचवीस-तीस अंडी घालते व राखण करते. बांधाची माती उकरलेली दिसल्यास त्या तुकड्याची डागडुजी पुढे ढकलावी. फोंडा तालुक्यातल्या दुर्भाट गावी पौष अमावास्येला चिखलाची मगर करून तिची पूजा करतात, ती याच बांधांच्या रक्षणासाठी. तरी पूजेच्या भरवशावर पाण्यात उतरणे शहाणपणाचे नाही.

मगर विहिरीत किंवा अंगणात शिरली, जाळ्यात अडकली किंवा माणसे पाहून पाण्यात सरकण्याऐवजी जवळ येऊ लागली, तर मात्र वनखात्याला त्याच क्षणी कळवावे. तोवर दोरी, काठी घेऊन तिला कुणी घेरू नये आणि कुत्री बांधून ठेवावीत.