जिथं खेळायला मिळतं तिथं जा

बाळा,

तुझा लांबलचक मेसेज दोनदा वाचला. प्रश्न एवढाच आहे की, पेठेच्या फुटबॉल संघात बेंचवर बसून राहायचं की त्या लहान तालमीच्या संघात जाऊन पहिल्या अकरात, नऊ नंबरवर, म्हणजे सेंटर फॉरवर्डला खेळायचं. आजोबा काय म्हणतील, कट्ट्यावरची पोरं बोलायची बंद होतील का, आपल्याच जर्सीविरुद्ध गोल कसा मारायचा, हा बाकीचा सगळा पाल्हाळ. राग मानू नकोस.

उत्तर आधीच देतो. जिथं खेळायला मिळतं तिथं जा. मेहनत कर, जिद्द सोडू नको, असलं काही मी लिहिणार नाही. थंडीतसुद्धा पहाटे तू ग्राउंडवर असतोस, हे मला ठाऊक आहे.

जॉन ऑल्ड्रिज हे नाव तू ऐकलं नसशील. तुमच्या पिढीचं लिव्हरपूल, म्हणजे इंग्लंडमधला तो क्लब, सालाहपासून सुरू होतं. हा माणूस 1958 साली त्याच शहरात जन्मला, मुळं आयर्लंडची. 1840च्या दशकातल्या दुष्काळात आयर्लंडहून बोटी भरभरून माणसं लिव्हरपूलला उतरली होती, त्यामुळे तिथं आयरिश आजी-पणजी असणं काही नवलाचं नाही. पोरगा लहानपणापासून लिव्हरपूल क्लबचा भक्त. पण पोटासाठी मोटारीच्या कारखान्यात टूलमेकर, आणि खेळायचा साउथ लिव्हरपूल नावाच्या, लीगच्या बाहेरच्या संघाकडून. तू कारखान्यात सीएनसी मशिनवर उभा असतोस, तो त्याच्या काळातल्या मशिनवर असेल. फरक तेवढाच.

1979 साली, विशीत, त्याला न्यूपोर्ट काउंटीनं घेतलं. वेल्समधला क्लब, इंग्लिश लीगचा चौथा, म्हणजे सगळ्यांत खालचा डिव्हिजन, किंमत साडेतीन हजार पाउंड. गेला. आपला लाडका क्लब कधीतरी बोलावेल म्हणून घरी बसला नाही. पाच मोसम तिथं काढले. 1984 मध्ये ऑक्सफर्ड युनायटेड, तेही तिसऱ्या डिव्हिजनमध्ये. तिथं त्यानं गोलांचा असा धडाका लावला की 1985 मध्ये तो क्लब पहिल्या डिव्हिजनमध्ये पोचला आणि 1986 मध्ये लीग कप जिंकला. त्याच वर्षी मार्चमध्ये जॅक चार्ल्टननं आयर्लंडचा मॅनेजर म्हणून पहिला सामना खेळवला, वेल्सविरुद्ध. त्यात ऑल्ड्रिज आणि रे हाउटन दोघंही पहिल्यांदा उतरले. दोघंही ऑक्सफर्डचे! रोज खेळत होते म्हणून दिसले. बेंचवरचा माणूस कुणाला दिसतो रे?

लिव्हरपूलनं त्याला नेलं 1987च्या जानेवारीत, साडेसात लाख पाउंडांना. तेव्हा तो 28 वर्षांचा होता. आणि तू मला एकविसाव्या वर्षी लिहितोस, ‘काका, आता उशीर झालाय.’

1987-88च्या मोसमात लीगमध्ये 26 गोल आणि विजेतेपद. त्याच मोसमाच्या शेवटी, लंडनच्या वेम्बली स्टेडियमवर, एफए कपच्या फायनलला विंबल्डनचा गोलकीपर बीझंटनं त्याची पेनल्टी अडवली. या कपच्या वेम्बलीतल्या अंतिम सामन्यात असं पहिल्यांदाच घडलं, आणि लिव्हरपूल 1-0 नं हरलं. वर्षभरानं त्याच मैदानावर, त्याच कपच्या फायनलला, एव्हर्टनविरुद्ध चौथ्या मिनिटाला पहिल्याच स्पर्शात त्यानं गोल मारला.

आयर्लंडकडून मात्र जवळपास वीस सामने त्याचा गोलच होईना. सेंटर फॉरवर्ड, आणि खातं रिकामं! आपल्याकडं असता तर तिसऱ्या सामन्यानंतर गॅलरीनं त्याचं बारसं केलं असतं. चार्ल्टननं काढलं नाही, आणि हाही खेळत राहिला. 1988च्या युरोत, म्हणजे युरोपातल्या देशांच्या स्पर्धेत, स्टुटगार्टला, आयर्लंडनं इंग्लंडला 1-0 हरवलं. गोल हाउटनचा, पण बॉल डोक्यानं त्याच्याकडं ढकलला ऑल्ड्रिजनं. गोल होत नाही तेव्हाही मैदानात असलेला माणूस उपयोगी पडतो.

आता इमानाबद्दल. तुझ्या मेसेजमध्ये हा शब्द चार ठिकाणी आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो. 15 एप्रिल 1989 ला हिल्सबरोच्या स्टेडियममध्ये चेंगराचेंगरी झाली. लिव्हरपूलचे 97 समर्थक त्यात गेले. ऑल्ड्रिज त्या दिवशी संघात होता. नंतर तो अंत्ययात्रांना गेला, फुटबॉलच सोडावा असंही त्याला वाटलं. त्या शहराशी त्याच्या इमानाबद्दल कुणी ब्र काढू शकेल का? आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये त्यानं क्लब सोडला. क्लबचा जुना स्ट्रायकर इयान रश परत आला होता, जागा एक आणि माणसं दोन. शेवटच्या सामन्यात क्रिस्टल पॅलेसविरुद्ध बदली म्हणून उतरला, आल्या आल्या पेनल्टीवर गोल केला. लिव्हरपूलनं तो सामना 9-0 जिंकला. मग त्यानं जर्सी आणि बूट काढून कॉपच्या, म्हणजे क्लबच्या कट्टर समर्थकांच्या स्टँडमध्ये भिरकावले. तिथून स्पेनला, रेआल सोसिएदादमध्ये. त्या क्लबनं फक्त आपल्या बास्क प्रांताचे खेळाडू घ्यायची अनेक वर्षांची रीत त्याच्यासाठी मोडली. भाषा येत नव्हती, गाव परकं, पण जागा होती. दोन मोसमांत लीगचे 33 गोल.

मीही सोडला होता एक मोठा संघ. तुला हे तुझ्या बाबांनी सांगितलंच असेल, आणि वाकडं सांगितलं असेल. पुढच्याच मोसमात त्या संघानं करंडक नेला. मंडळाच्या भिंतीवर फोटो आहे, त्यात मी नाही. त्याचं वाईट वाटतं, आजही. जुने सोबती हळदी-कुंकवाला बायकोला बोलावतात, मला मात्र ‘थांबला असतास तर’ एवढंच ऐकवतात. अरे, थांबून काय केलं असतं? जर्सी घडी न मोडता घरी आणली असती! त्या लहान संघात मी प्रत्येक सामना खेळलो. हरलो पुष्कळ, पण डाव्या पायानं मारायला शिकलो ते तिथंच, कारण उजवा पाय दुखावला तरी बदली उतरवायला माणूसच नव्हता. हे त्यांना कधी पटणार नाही. नको पटू दे. आज कुणी विचारलं तरी मी तेच करीन.

असो. विषय तुझा आहे.

1991 मध्ये ऑल्ड्रिज परत आला तो मर्सी नदीच्या पलीकडे, ट्रॅनमिअर रोव्हर्सला. दुसऱ्या डिव्हिजनमधला क्लब. लोकांना वाटलं, आता हा आराम करणार. पहिल्याच मोसमात सगळ्या स्पर्धा मिळून 40 गोल! 1994च्या वर्ल्डकपला तो 35 वर्षांचा होता, आणि ट्रॅनमिअरचाच होता.

24 जूनला, ओरलँडोच्या उन्हात, मेक्सिको 2-0 पुढं. ऑल्ड्रिजला उतरवायचं ठरलं, पण कागदपत्राच्या घोळात अधिकारी सोडेचनात. टचलाइनवर त्यानं जो तमाशा केला तो साऱ्या जगानं टीव्हीवर पाहिला. आपल्याकडं रात्र होती, मी जागा होतो. अखेर आत सोडलं आणि 84व्या मिनिटाला त्यानं हेडर मारला. सामना 2-1 नं हरले. पण त्या गटात चारही संघांचे चार-चार गुण झाले, गोलफरकही सगळ्यांचा शून्य. तो एक गोल नसता तर आयर्लंड तळाला जाऊन घरी आलं असतं. ते पुढच्या फेरीत गेलं. मैदानात उतरण्यासाठी इतका चिडणारा माणूस मला आवडतो. तू दोन मोसमांत कोचवर एकदा तरी चिडलास का?

म्हणून पुन्हा सांगतो, जिथं खेळायला मिळतं तिथं जा. आजोबांना मी भेटतो. ते रागावतील आणि पहिल्या सामन्याला गॅलरीत येऊन बसतील, याची मला खात्री आहे.

नोकरी इतक्यात सोडू नकोस. सुपरवायझरला भेटून मोसमापुरती पहिली शिफ्ट माग, म्हणजे संध्याकाळची प्रॅक्टिस बुडणार नाही. नव्या तालमीला होकार या आठवड्यात कळव, नोंदणीची मुदत कुणासाठी थांबत नाही. आणि जुन्या कोचला मेसेज टाकून मोकळा होऊ नकोस. घरी जा, समोर बसून सांग.

— काका