अटाकामात नोकरी लागली, पण बिऱ्हाड कुठे करायचं?

तुझा प्रश्न दोनदा वाचला. चिलीतल्या अटाकामा वाळवंटात, आकाशातून येणाऱ्या रेडिओ लहरी टिपणाऱ्या आल्मा वेधशाळेत रिसीव्हर थंड ठेवणाऱ्या यंत्रणेचं काम मिळतंय, बायको आणि चार वर्षांची मुलगी बरोबर येणार आहेत. सान पेद्रो दे अटाकामा हे गाव फोटोत इतकं देखणं दिसतं की तिथेच भाड्याने घर घ्यावं, असं तुम्हा दोघांच्या मनात आहे. मी नऊ वर्षं इथे अँटेनांच्या इलेक्ट्रॉनिक्सचं काम करते. माझं उत्तर आधीच सांगून टाकते: नोकरी घे, पण सान पेद्रोत बिऱ्हाड करू नकोस.

तू वाळवंटात राहायला येत नाहीयेस, शिफ्टवर येतोयस. इथे तिला ‘तुर्नो’ म्हणतात. आठ दिवस डोंगरावर, सहा दिवस घरी. हे आठ दिवस तू 2,900 मीटरवरच्या तळावरच राहतोस, जेवतोस आणि झोपतोस. सान पेद्रो तासाभराच्या अंतरावर असलं तरी संध्याकाळी घरी जायची सोय नसते. म्हणजे तू नसताना तुझी बायको स्पॅनिश न येता, लहान मुलीला घेऊन, पर्यटकांच्या गावात एकटी. भाडी पर्यटनामुळे चढलेली आहेत. मोठं हॉस्पिटल कालामाला, शंभर किलोमीटरवर. या भागातल्या पाण्यात नैसर्गिक आर्सेनिक असतं, त्यामुळे प्यायचं पाणी विकत आणावं लागतं. आम्ही हौसेने दोन वर्षं काढली तिथे. मुलगा शाळेच्या वयाचा झाला आणि गाशा गुंडाळून राजधानी सँतियागो गाठलं. आमच्याकडचे पुष्कळ लोक तेच करतात: सँतियागोहून कालामापर्यंत दोन तासांचं विमान, पुढे बस. सहा दिवसांच्या सुट्टीतला थोडा वेळ प्रवासात जातो, पण घरच्यांना शाळा, बागा आणि भाजीबाजार मिळतो.

आता डोंगराविषयी. तळापासून अँटेनांपर्यंतचा रस्ता 28 किलोमीटरचा. साधारण 3,500 मीटरवर उंच खांबासारख्या निवडुंगांचा पट्टा लागतो. त्याच्या खाली नाही, वर नाही, तेवढ्यातच. पुढे पिवळ्या गवताचे झुबके आणि चरणारे विकुन्या (उंटाच्या कुळातला नाजूक प्राणी, लोकर सोन्याच्या भावाची). मग तेही संपतं आणि चाहनांतोरचं पठार उघडतं. उंची 5,000 मीटर, 66 अँटेना. त्यातल्या 54 बारा मीटर व्यासाच्या, 12 सात मीटरच्या. मोठ्या अँटेनांपैकी प्रत्येकीचं वजन शंभर टनांच्या घरात, तरी त्या एका जागी नसतात. ‘ओत्तो’ आणि ‘लोरे’ नावाच्या 28 चाकी गाड्या त्यांना उचलून दुसऱ्या चौथऱ्यांवर नेऊन ठेवतात. कधी सगळ्या 150 मीटरच्या आत गोळा करतात, कधी 16 किलोमीटरपर्यंत पांगवतात.

मी मूळची जुन्नर तालुक्यातली. खोडदच्या जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या डिश बघत मोठी झाले, म्हणून इथे आल्यावर पहिला प्रश्न पडला की याच कामाला एवढ्या उंचीवर कशाला चढायचं? फरक लहरींचा आहे. खोडदला मीटरभर लांबीच्या रेडिओ लहरी पकडतात. त्यांना हवेतल्या बाष्पाचं सोयरसुतक नाही, डिश तारेच्या जाळीची असली तरी चालते, आणि आपल्या पावसातही काम होतं. आल्मा मिलिमीटर आणि त्याहून आखूड लहरी ऐकते. त्या लहरी बाष्प गिळून टाकतं. म्हणून इथे रोज सकाळी सगळ्यांचा एकच प्रश्न: डोक्यावरच्या हवेतलं सगळं बाष्प पाणी करून जमिनीवर ओतलं तर किती मिलिमीटर भरेल? चाहनांतोरवर हा आकडा बऱ्याचदा एकाच्या आसपास किंवा त्याहूनही खाली असतो.

इतका कोरडेपणा येतो कुठून? पूर्वेला अँडीज उभा, तो अॅमेझॉनकडची ओल अडवतो. पश्चिमेला पॅसिफिकमध्ये हम्बोल्टचा थंड प्रवाह; त्याच्यावरची हवा गार, जड, वर चढायलाच तयार नसते. त्यावर जास्त दाबाच्या कोरड्या हवेचं झाकण. म्हणून किनाऱ्यावर ‘कामांचाका’ नावाचं दाट धुकं येतं, पण पाऊस येत नाही. किनाऱ्यावरच्या अरिका शहराची पावसाची वार्षिक सरासरी एक मिलिमीटरही भरत नाही. तरी अगदीच पडत नाही असं समजू नकोस. जानेवारी-फेब्रुवारीत बोलिव्हियाच्या बाजूने ढग येतात, रस्ते वाहून जातात, आणि आल्मा फेब्रुवारीत निरीक्षणं बंद ठेवून देखभाल उरकते. तुझ्या कामाचा तो सगळ्यात गडबडीचा महिना. 2025च्या जूनमध्ये तर दहा वर्षांत पहिल्यांदाच खालच्या तळावर बर्फ पडलं.

शरीराचं म्हणशील तर आधी वैद्यकीय तपासणी होते आणि ती खरी असते, सही-शिक्क्याची नव्हे. रक्तदाब किंवा हृदयाची तक्रार असेल तर आत्ताच सांग, लपवू नकोस. वर हवेचा दाब समुद्रकिनाऱ्याच्या जेमतेम निम्मा. पाठीवर ऑक्सिजनचं नळकांडं, नाकात नळी, आणि तरीही डोकं मंद चालतं. पहिल्या महिन्यात मी टॉर्क रेंच (बोल्ट मोजून आवळायचा पाना) हातात धरून टॉर्क रेंच शोधत होते. म्हणून वरचं प्रत्येक काम कागदावर लिहून, जोडीदारासमोर मोठ्याने वाचून करतात. सुरुवातीला हसू येतं, मग सवय होते. झोपायला मात्र कुणी वर थांबत नाही. रात्रीची निरीक्षणंही खालच्या तळावरच्या कंट्रोल रूममधूनच चालतात.

खालीही नाकातून रक्त येतं, ओठ फुटतात, टाचांना भेगा पडतात. दाराच्या कडीला हात लावला की झटका बसतो. खोबरेल तेल भरपूर आण, इथलं क्रीम महाग आणि त्यापुढे कुचकामी.

आणि आकाश. त्याचं वर्णन करायचा मोह टाळते, पण एक सांगते. आपल्याकडे मृग लागला की पेरणीची घाई. इथे तोच मृग उत्तरेला उलटा लटकलेला दिसतो, व्याध त्याच्या वरच्या अंगाला. ध्रुवतारा क्षितिजाखाली, कधीच दिसत नाही. आपल्याकडे दक्षिणेला खाली रेंगाळणारा अगस्त्य इथे चांगला उंच चढतो, आणि त्रिशंकूही. चंद्रसुद्धा उलटा. मुलीला हे दाखवायला सुट्टीत सान पेद्रोला जरूर आण. लिकांकाबूरचा सुळका (5,916 मीटर), मिठाच्या सपाटीवरचे फ्लेमिंगो, चंद्रदरी, सगळं दाखव. चार दिवस पुरतात. एल तातियोच्या गरम झऱ्यांना मात्र नेऊ नकोस. 4,300 मीटरची उंची एवढ्या लहान पोरीला सोसणार नाही.

कागदपत्रांचं: तात्पुरत्या निवासाचा अर्ज भारतातूनच ऑनलाइन कर, पर्यटक म्हणून येऊन मग बघू असं करू नकोस. विवाह नोंदणीचा दाखला, मुलीचा जन्मदाखला, पोलिसांचा दाखला आणि पदवी यांवर अपोस्टिल (कागद परदेशात चालावा म्हणून मिळणारा सरकारी शिक्का) करून घे. इथलं ओळखपत्र हातात येईपर्यंत बँक नाही, मोबाइलचा प्लॅन नाही, घराचा करारही अवघड. दोन-तीन महिन्यांचा खर्च वेगळा ठेव. तुझं इंग्रजी इंजिनिअरांशी चालेल, तंत्रज्ञांशी नाही, आणि काम शिकवणारे तेच. बायकोनेही तुझ्याबरोबरच आजपासून स्पॅनिश सुरू करावं, तिला ते तुझ्याहून जास्त लागणार आहे.

जेवणात मसूर, काबुली चणे, जिरं, कणीक सगळं मिळतं. तूरडाळ आणि ज्वारी विसर. ‘मांस नको’ म्हटलं तर चिकन वाढतात, तेव्हा चिकनही नको असं वेगळं सांगायचं. शिट्टीचा कुकर आण. बिया, अख्खे मसाले जे काही आणशील ते विमानतळावरच्या शेतकी तपासणीच्या फॉर्ममध्ये लिही. मी मेथीदाणे लिहिले नव्हते. दाणे गेले, वर दंड बसला.

करारात विमानभाडं कोण भरणार, कुटुंबाचा आरोग्य विमा आहे का, आणि आठ-सहाचं चक्र कालाम्यापासून मोजतात की सँतियागोपासून, हे तीन प्रश्न सही करण्याआधी लेखी विचार. उत्तर आलं की मला पाठव. मी पुढच्या गुरुवारी खाली उतरतेय, मग सहा दिवस घरीच आहे. फोन तुझ्या संध्याकाळी कर, तेव्हा आमच्याकडे सकाळ असते.