जपानी दूरचित्रवाणीत ध्वनिपरिणामाचे काम करू इच्छिणाऱ्यास
जपानी दूरचित्रवाणीत ध्वनिपरिणामकाराला केवळ पावलांचे नि दारांचे आवाज जमवून भागत नाही. अनेक कार्यक्रमांत पार्श्वसंगीताची निवडही त्याच्याकडेच असते, आणि जासराक या संगीतहक्क संस्थेशी वाहिन्यांचे सरसकट परवान्याचे करार असल्याने बाजारातली असंख्य गाणी हाताशी असतात, म्हणून चौफेर ऐकण्याची सवय आतापासूनच लावून घ्या. त्याआधी जपानी भाषा पक्की करा, कारण विनोदाचा ठोका नेमक्या शब्दावरच पडावा लागतो. वेताच्या टोपलीत अझुकीचे (लहान लाल जपानी कडधान्याचे) दाणे संथपणे इकडून तिकडे घरंगळवून लाटेचा आवाज काढण्याची जुनी रीत स्वतः करून पाहा. लाट ओसरतानाचा आवाज साधणे किती अवघड आहे, ते तेव्हाच कळेल. २०१२ पासून तेथे प्रसारणाची सरासरी ध्वनिपातळी उणे २४ एलकेएफएस (आवाज कानाला किती मोठा जाणवतो ते मोजायचे एकक) ठरलेली आहे, त्यामुळे नुसता आवाज चढवून काम भागत नाही.